नॉर्मशिवाय ग्रँडमास्टर

बुद्धिबळात ग्रँडमास्टर व्हायचं तर एरवी नियम कडक. मानांकन २५०० गुणांपर्यंत न्यायचं आणि बलाढ्य खेळाडूंच्या स्पर्धांत तीनदा ठरलेल्या दर्जाची कामगिरी करायची. त्या कामगिरीला नॉर्म म्हणतात. नागपूरच्या दिव्या देशमुखकडे जुलै २०२५ पर्यंत असा एकही नॉर्म नव्हता. तरीही ती जॉर्जियातल्या बाटुमीहून ग्रँडमास्टर होऊनच परतली! कारण महिला विश्वचषक जिंकणारीला हा किताब थेट मिळतो. अंतिम फेरीत समोर कोनेरू हम्पी, म्हणजे दिव्याच्या जन्माआधीच, २००२ मध्ये, ग्रँडमास्टर झालेली खेळाडू. दोन्ही मुख्य डाव बरोबरीत सुटले. मग जलद टायब्रेक. त्यातला पहिला डावही बरोबरीत, आणि दुसरा दिव्यानं काळ्या मोहऱ्यांनी जिंकला. वय अवघं १९. भारताची ती ८८ वी ग्रँडमास्टर.

महाराष्ट्राचे पहिले ग्रँडमास्टर प्रवीण ठिपसे, १९९७ साली. पुढे पुण्याचे अभिजित कुंटे, नाशिकचा विदित गुजराथी. पण मला विचाराल तर दिव्याची वाट या सगळ्यांच्याही आधी पाडली ती ‘नवाकाळ’चे संपादक नीळकंठ खाडिलकर यांच्या मुलींनी. वासंती यांनी १९७४ चं पहिलं राष्ट्रीय महिला अजिंक्यपद मिळवलं. रोहिणी तर १९७६ मध्ये थेट पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत उतरल्या. केवढा गदारोळ झाला! प्रकरण जागतिक संघटनेचे अध्यक्ष आणि माजी विश्वविजेते मॅक्स युवे यांच्यापर्यंत गेलं. स्त्री आहे म्हणून कुणाला अडवता येणार नाही, असा निकाल त्यांनी दिला.