माताहारीस गोळी, अधिकाऱ्यांस काय?

बाई मोहांत पाडून राज्य बुडविते, असें आम्ही ऐकत आलों. आतां माताहारीची हकीकत पहा. ती हॉलंडांतील टोपीविक्याची लेक. आपण हिंदुस्थानांतील देवदासीची मुलगी, अशी बतावणी करून १९०५ सालीं ती पॅरिसांत नाचूं लागली. जर्मनांकडून २०,००० फ्रँक घेतल्याचें तिनें कबूल केलें. परंतु कोणतें गुपित दिलें, याचा धड पुरावा नव्हता. १९१७ त फ्रेंचांची चढाई फसून पलटणी बिथरल्या होत्या. दोष द्यावयास कोणी तरी हवें होतें. १५ ऑक्टोबरास तिला गोळ्या घातल्या. तिच्या संगतीचे अधिकारी मोकळे राहिले. बाईचें रूप हा पुरावा नव्हे. आमच्या पंचांतही बाईवर आळ आल्यास आधीं विचारूं: पुरावा काय? आणि पुरुष कोठें आहे?