डिस्चार्ज कार्डावरचा ‘एस’ आणि ‘व्ही’

जांबे आणि आसपासच्या वाड्यावस्त्यांवरच्या बचत गटांच्या वतीने आज आम्ही जरा वेगळ्या विषयावर बोलणार आहोत. विषय आहे रस्त्यावरच्या अपघातानंतर दवाखान्यातून मिळणाऱ्या कागदांचा.

आपल्या रस्त्यांवरची रहदारी किती वाढली, हे कुणी सांगायला नको. हिंजवडी, मारुंजी, पुनावळे या बाजूला डंपर, टँकर आणि कंपन्यांच्या गाड्यांची रांग असते. त्याच रस्त्याच्या कडेने आपण चालतो आणि दुचाकीवर मागे बसून बाजाराला जातो. अपघात झाला की पहिली धावपळ उपचारांची होते, आणि तेच बरोबर आहे. पण घरी आल्यावर डिस्चार्ज कार्ड पिशवीत जातं आणि पिशवी खुंटीला. ते कार्ड एकदा वाचायचं असतं.

बऱ्याच दवाखान्यांच्या कागदांवर आजाराच्या नावापुढे एक अक्षर आणि काही आकडे असतात. हा आजारांचा कोड. जागतिक आरोग्य संघटनेने आजारांची आणि इजांची एक यादी केली आहे, तिला ‘आयसीडी’ म्हणतात. अकरावी आवृत्ती २०२२ पासून लागू झाली असली, तरी आपल्याकडच्या कागदांवर बहुधा दहावीच दिसते.

त्यातली खूण सोपी आहे. इजेचा कोड बहुधा ‘एस’ या अक्षराने सुरू होतो. पुढचा आकडा शरीराचा भाग सांगतो. शून्य म्हणजे डोकं, १ मान, २ छाती, ३ पोट आणि कंबर, ४ खांदा, ५ कोपराखालचा हात, ६ मनगट आणि पंजा, ७ मांडी, ८ गुडघ्याखालचा पाय, ९ घोटा आणि पाऊल. त्यानंतरचा आकडा इजेचा प्रकार सांगतो. एस ७२ म्हणजे मांडीचं हाड मोडलं, एस ८२ म्हणजे गुडघ्याखालचं.

पण काय मोडलं एवढ्यावर भागत नाही, कशाने मोडलं तेही लिहावं लागतं. त्यासाठी दुसरा कोड असतो. वाहनाच्या अपघाताचा कोड ‘व्ही’ने सुरू होतो. पायी चालणाऱ्या बाईला चारचाकीने किंवा पिकअपने उडवलं तर व्ही ०३, ट्रकने किंवा बसने उडवलं तर व्ही ०४. दुचाकीवरच्या माणसासाठी व्ही २० ते व्ही २९. गाडी चालवणारी कोण आणि मागे बसलेली कोण, हेही त्यातला शेवटचा आकडा सांगतो. नुसतं पडून लागलं असेल, तर मात्र कोड ‘डब्ल्यू’ने सुरू होतो.

या एका अक्षराने काय होतं, ते आमच्या गटातल्या एका ताईंच्या बाबतीत आम्ही पाहिलं. रस्त्याच्या कडेने चालताना त्यांना पिकअपचा धक्का लागला आणि पाय मोडला. ज्यांनी दवाखान्यात नेलं, ते घाईत म्हणाले, “बाई रस्त्यात पडल्या.” केस पेपरवर तेच लिहिलं गेलं आणि तेच डिस्चार्ज कार्डावर उतरलं. पुढे विमा कंपनीने विचारलं, अपघात की पडणं? क्लेम अडला. तोवर औषधं आणि घरखर्च गटाच्या कर्जावर चालले. शेवटी पोलिसांच्या पंचनाम्याची प्रत जोडून दवाखान्याला लेखी अर्ज दिला, तेव्हा सही-शिक्क्याचं दुरुस्तीपत्र मिळालं.

कोड लिहिणारा माणूस ताईंना भेटत नाही. डॉक्टरांनी जे लिहिलं, त्यावरूनच तो कोड देतो. म्हणून दवाखान्यात शिरताना सांगायचं वाक्य पक्कं हवं: कोणत्या वाहनाने, कुठे, किती वाजता, आणि बाई चालत होती की गाडीवर मागे बसली होती. विम्याच्या क्लेम फॉर्ममध्ये दवाखान्याने भरायचा ‘भाग ब’ असतो. त्यात कोड, रस्ता अपघात आहे का, एमएलसी म्हणजे पोलीस केस आहे का, एफआयआर क्रमांक काय, हे सगळं विचारलेलं असतं.

दहाव्या आवृत्तीचा हा कोड उजवा पाय की डावा, हे सांगत नाही. ते डॉक्टरांच्या अक्षरात कार्डावर असलंच पाहिजे.

हाड मोडणं ही कायद्याने गंभीर दुखापत आहे. वाहन ठोकर देऊन पळालं आणि सापडलंच नाही, तर १ एप्रिल २०२२ पासून गंभीर जखमीला ५० हजार आणि मृत्यू झाल्यास वारसांना २ लाख रुपये मिळण्याची तरतूद आहे. मे २०२५ पासून रस्ते अपघातातल्या जखमींसाठी नेमून दिलेल्या दवाखान्यांत सात दिवसांपर्यंत आणि दीड लाखापर्यंत विनारोकड उपचारांची केंद्राची योजनाही आहे. दाखल होतानाच तिची चौकशी करा.

आता कोड काय सांगत नाही, ते ऐका. एस ७२ हा कोड खुर्चीत बसून काम करणाऱ्या माणसाला आणि चिखलात वाकून भात लावणाऱ्या बाईला एकच असतो. नुकसान मात्र एक नसतं. सर्वोच्च न्यायालयाने २०१० मध्ये राजकुमार विरुद्ध अजयकुमार या खटल्यात सांगितलं, की अपंगत्वाचा टक्का म्हणजेच कमाईतली घट नव्हे. ती व्यक्ती काय काम करत होती, ते बघायला हवं. आणि जानेवारी २०२१ मध्ये कीर्ती विरुद्ध ओरिएंटल इन्शुरन्स या खटल्यात घर सांभाळणाऱ्या बाईच्या कामाचं मोल भरपाईत धरायलाच हवं, असं म्हटलं. तेव्हा “मी काही करत नाही, घरीच असते,” असं कुठल्याही कागदावर लिहू देऊ नका. लावणीची मजुरी, दुधाचा हिशेब, गटाच्या रजिस्टरातली पापड-मसाल्याची विक्री, हे सगळं तुमच्या कमाईचा पुरावा म्हणून मांडता येतं. गटाचं रजिस्टर नीट ठेवायचं हे आणखी एक कारण.

आता पाच गोष्टी लक्षात ठेवा. एक, १०८ला फोन करा आणि वर सांगितलेलं वाक्य सांगा. दोन, एमएलसी नोंद झाली का ते विचारा, तिचा क्रमांक लिहून घ्या. तीन, डिस्चार्ज कार्ड घेताना तिथेच वाचून घ्या: नाव, वय, उजवा-डावा, तारीख, अपघाताचं कारण. चूक असेल तर खाडाखोड न करता लेखी दुरुस्ती मागा. चार, एक्स-रे, बिलं आणि चिठ्ठ्या एका फाइलमध्ये लावा. मूळ कागद देताना झेरॉक्स आणि पोच घ्या. पाच, भरपाईच्या दाव्यासाठी कायद्यात अपघातापासून सहा महिन्यांची मुदत लिहिलेली आहे, म्हणून थांबू नका. जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून महिलांना वकील मोफत मिळतो, मग उत्पन्न कितीही असो.

पुढच्या मासिक बैठकीत प्रत्येक गटाने एक काम करावं. ज्या घरात अपघात झालाय, त्या ताईंनी आपलं कार्ड आणावं. शिकलेल्या मुलींनी ते वाचावं आणि सगळ्यांनी मिळून एस आणि व्ही शोधावेत. एक अक्षर चुकलेलं सापडलं, तरी बैठक सार्थकी लागली म्हणायची.

सांभाळून जा, रस्त्याची कडा सोडू नका.