वर्दी उतरल्यानंतर : ज्युलिओ रिबेरो



पोलीस ठाण्याची पायरी चढू नये, हे आपल्या घराघरांतून मुलांना शिकवले जाते. आज मी एका पोलिसाचीच हकीकत सांगणार आहे. काही पालकांच्या कपाळावर आठ्या दिसतात. असू द्या, पण ऐका.

ज्युलिओ रिबेरो यांचा जन्म 1929 साली मुंबईत, मूळच्या गोव्याच्या ख्रिस्ती कुटुंबात झाला. 1953 साली ते पोलीस सेवेत आले, 1982 मध्ये मुंबईचे पोलीस आयुक्त आणि 1986 मध्ये पंजाबचे पोलीस महासंचालक झाले. त्याच वर्षी जालंधरला पोलिसांच्याच वर्दीत आलेल्या हल्लेखोरांनी त्यांच्यावर गोळ्या झाडल्या. पुढे रुमानियात राजदूत असताना, 1991 साली, बुखारेस्टमध्ये पुन्हा हल्ला झाला. दोन्ही वेळा ते बचावले. ‘गोळीला गोळी’ हे शब्द त्यांच्या नावाला कायमचे चिकटले. पंजाब पोलिसांच्या कारवायांवर त्या काळी कडक टीका झाली होती. ती विसरून कोणाची पूजा बांधावी, असे मी म्हणणार नाही.

मला मोल वाटते ते त्यांच्या निवृत्तीनंतरच्या कामाचे. 1992-93 च्या दंगलीनंतर मुंबईत वस्ती आणि पोलीस यांच्यात विश्वास उरला नव्हता. तेव्हा आयुक्त सतीश साहनी आणि सुशोभा बर्वे यांच्याबरोबर रिबेरो मोहल्ला कमिटीच्या कामाला लागले. हिंदू, मुसलमान आणि पोलीस एकत्र बसून बोलू लागले. भिवंडीने हे आधीच करून दाखवले होते. 1970 आणि 1984 मध्ये होरपळलेले ते गाव, उपायुक्त सुरेश खोपडे यांनी उभारलेल्या कमिट्यांमुळे डिसेंबर 1992 मध्ये शांत राहिले.

2015 साली, वयाच्या 86व्या वर्षात, ख्रिस्ती म्हणून आपल्याच देशात परके वाटू लागले, असे रिबेरोंनी वर्तमानपत्रात लिहिले. कोणी म्हणेल, आपल्या समाजासाठी कोणीही बोलतो. मग 2020 चे पत्र पाहा. दिल्लीच्या दंगलीनंतर त्यांनी तेथील पोलीस आयुक्तांना लिहिले, की शांततेने निदर्शने करणाऱ्यांवर कारवाई होते, आणि चिथावणीची भाषणे करणाऱ्या सत्ताधारी पक्षाच्या नेत्यांवर दखलपात्र गुन्हाही नोंदवला जात नाही. राज्यघटनेशी घेतलेल्या शपथेची त्यांनी आठवण दिली. आयुक्तांचे उत्तर आले, तेव्हा मूळ प्रश्न बाजूलाच राहिला, असे त्यांनी पुन्हा लिहून कळवले. त्या वेळी त्यांचे वय 91 होते.

मुलांनो, त्या पत्रात शिवीगाळ नाही. त्याचा जोर ‘दखलपात्र’ या एका शब्दावर आहे. दखलपात्र गुन्ह्याची खबर दिली, की ती लिहून घेणे पोलिसांवर बंधनकारक असते, आणि नोंदीची प्रत खबर देणाऱ्याला फुकट मिळते. आपल्या दहावीच्या वर्गात मी हे विचारले, तर तीनच हात वर आले. त्यांपैकी एका मुलीचे वडील हवालदार आहेत.

म्हणून सोमवारपासून शाळा सुटल्यावर मी या विषयाचा तास घेणार आहे. पालकांनीही यावे, मागची बाके रिकामी ठेवतो.