शिळेवर कोणते साल कोरावे?

(जीर्णोद्धार समारंभाच्या सायंकाळी केलेल्या भाषणाचा मजकूर)



समितीने मला दोन शब्द बोलण्यास सांगितले, आणि त्याबरोबर एका प्रश्नाचा निकालही माझ्यावर सोपविला. सभामंडपाच्या दाराशी बसवावयाची शिळा घडून तयार आहे. देणगीदारांची नावे ठरली आहेत. मिती कशी घालावी याबद्दल मात्र दोन मते पडली. काही म्हणतात, नुसते इंग्रजी साल पुरे. काहींना शालिवाहन शक हवा. हा वाद क्षुल्लक आहे असे मला वाटत नाही. आपल्या जुन्या देवळाच्या चौकटीवर एकही अक्षर नव्हते. ते कोणी बांधले, केव्हा बांधले, हे आज गावातील सर्वांत वयोवृद्ध माणसालाही सांगता येत नाही.

आपली वडील मंडळी साल सांगत नसत, प्रसंग सांगत. ‘मानमोडीच्या साथीत जन्मला’ म्हटले की १९१८ समजावे. छप्पनचा दुष्काळ म्हणजे विक्रम संवत १९५६, इंग्रजी १८९९-१९००. बहात्तरच्या दुष्काळात रोजगार हमीवर खडी फोडलेली माणसे अजून आपल्यात आहेत, म्हणून १९७२ हे साल अजून जिवंत आहे. पण अशी गणना माणसांबरोबर येते आणि माणसांबरोबरच जाते. मानमोडी म्हणजे काय, हे आजच्या शाळकरी मुलाला विचारून पाहा.

एखादा क्षण याहून अधिक टिकवावयाचा तर काय करावे, याचे उत्तर महाराष्ट्रात एकदा दिले गेले आहे. शके १५९६, आनंदनाम संवत्सर, ज्येष्ठ शुद्ध त्रयोदशीस रायगडावर शिवाजी महाराजांना राज्याभिषेक झाला, आणि त्याच दिवसापासून राज्याभिषेक शक सुरू झाला. त्यापूर्वी मराठी दरबारी कागदांवर बहुधा शुहूर सन असे. तो सूर्य मृगात शिरला की बदले, म्हणून त्याला मृगसाल म्हणत. आपल्या पेरणीच्या हिशेबाला तो सोयीचाच होता, परंतु त्याचे आकडे अरबी शब्दांत लिहिले जात. राज्याभिषेकाचे साल त्या रीतीने ‘खमस सबैन अलफ’, म्हणजे पाच, सत्तर आणि हजार, असे १०७५ होते. राज्यकारभारातील फारसी शब्दांना संस्कृत प्रतिशब्द देणारा राज्यव्यवहारकोश ज्या राजाने करविला, त्याला सालाचे हे परके बोल खटकले असतील तर नवल नाही. पुढे शुहूर सन काही लगेच नाहीसा झाला नाही, तो पेशवाईतही चालत राहिला. पण छत्रपतींच्या सनदेच्या माथ्यावर राज्याभिषेक शक आला.

यात खरी दूरदृष्टी कोठे आहे ते पाहा. महाराजांनी महिने बदलले नाहीत, तिथी बदलल्या नाहीत, वारही बदलले नाहीत. पंचांग जसेच्या तसे ठेवून फक्त वर्षांची मोजणी नव्याने एकपासून धरली. फ्रान्समध्ये राज्यक्रांतीनंतर याच्या उलट झाले. १७९३ साली तेथे नवे पंचांग आले. प्रत्येक महिना तीस दिवसांचा, आठवडा दहा दिवसांचा. सातव्या दिवशी मिळणारी विश्रांती कष्टकऱ्याला दहाव्या दिवशी मिळू लागली! लोकांनी ते मनापासून स्वीकारले नाही आणि १ जानेवारी १८०६ पासून नेपोलियनने ते रद्द केले. आपल्याकडेही २२ मार्च १९५७ रोजी भारतीय राष्ट्रीय पंचांग सुरू झाले. मेघनाद साहा यांच्या समितीने ते शास्त्रशुद्ध पायावर बसविले आहे, सरकारी राजपत्रावर ते छापले जाते. पण त्यावर लग्नाची तिथी काढणारा माणूस मला अद्याप भेटला नाही.

आपल्याच तालुक्यातील भेंडवळचे पाहा. तेथील घटमांडणी सुमारे साडेतीनशे वर्षांची सांगतात, म्हणजे राज्याभिषेक शकाच्याच वयाची. अक्षय तृतीयेच्या सायंकाळी शेतात घट मांडावा, भोवती अठरा धान्ये ठेवावीत, मध्ये पावसाळ्याच्या चार महिन्यांची चार ढेकळे, आणि दुसऱ्या दिवशी पहाटे येऊन निरीक्षण करावे. त्या भाकितावर कोणी किती विसंबावे हा ज्याचा त्याचा प्रश्न. मी स्वतः आभाळ पाहूनच पेरणी करतो. पण एवढ्या वर्षांत वऱ्हाडात राज्ये आली नि गेली, मोगल, निजाम, भोसले, इंग्रज, तरी अक्षय तृतीया ढळली नाही. लोकांची अशी तिथी मोडली असती तर महाराजांचा शकही कोणी चालविला नसता.

आणि तो चालला. १६८९ मध्ये रायगड मोगलांच्या हाती पडला, छत्रपती जिंजीला गेले, पुढे गादी सातारला आली. ज्या सिंहासनावरून ही मोजणी सुरू झाली ते राहिले नाही, पण मोजणी थांबली नाही. १८१८ नंतर मराठी सत्ता गेली तेव्हा ती सरकारी कागदांतून मागे पडली. २०२३ सालच्या ज्येष्ठात तिचे ३५० वे वर्ष लागले, तेव्हा अनेकांना ती पुन्हा आठवली.

आपल्या जिल्ह्याचा तर या शकाशी अधिक जवळचा संबंध आहे. सिंदखेडराजाच्या जिजाऊंनी हा सोहळा डोळ्यांनी पाहिला आणि पुढच्या बारा दिवसांच्या आतच पाचाडला देह ठेवला. राज्याभिषेक शक १, ज्येष्ठ वद्य नवमी. या शकाचा पहिला महिनाही तेव्हा पुरा झाला नव्हता.

आता आपली शिळा. नुसते संवत्सराचे नाव घालून भागणार नाही, कारण साठ वर्षांनी तेच नाव पुन्हा येते. राज्याभिषेकाला तीनशे वर्षे झाली त्या १९७४ सालीही आनंदनाम संवत्सरच होते. नुसती इंग्रजी तारीखही फसवी. ६ जून १६७४ ही तारीख तेव्हाच्या इंग्रजांच्या जुन्या गणनेची. आजच्या कॅलेंडरप्रमाणे तो दिवस १६ जूनचा येतो. म्हणून माझे म्हणणे असे की मास, पक्ष, तिथी, शालिवाहन शक, राज्याभिषेक शक आणि इंग्रजी तारीख, सर्व घालावे. एक पुसट झाले तर दुसऱ्यावरून ताडता येईल. हिशेब अवघड नाही. चैत्र पाडव्यापासून डिसेंबरअखेर इंग्रजी सालातून ७८ वजा केले की शालिवाहन शक येतो. ज्येष्ठ शुद्ध त्रयोदशीपासून डिसेंबरअखेर १६७३ वजा केले की राज्याभिषेक शक. जानेवारीपासून पुढच्या त्या-त्या दिवसापर्यंत एक आकडा आणखी कमी धरावा.

आणि एक ओळ मागतो. गवंडी, पाथरवट, सुतार, आणि गेली दोन वर्षे डोक्यावर घमेली वाहणाऱ्या आपल्या बायाबापड्या यांची नावे त्याच शिळेवर, त्याच मितीखाली यावीत. पाथरवटाला मी विचारून ठेवले आहे. जागा बसते, मात्र देणगीदारांच्या नावांची अक्षरे थोडी बारीक करावी लागतील. त्यास देणगीदार मंडळींनी येथेच संमती द्यावी, एवढी विनंती करून मी आपली रजा घेतो.