खेळाच्या पोटातली फाइल

(स्नेहमेळाव्यात दुपारच्या सत्रात केलेलं भाषण. स्मरणिकेसाठी थोडं आवरून लिहिलं आहे.)



संयोजकांचा फोन आला तेव्हा ते म्हणाले, "तू सॉफ्टवेअरमध्ये आहेस, एआयवर दहा मिनिटं बोल." मी हो म्हटलं आणि दोन दिवसांनी फोन करून विषय बदलून घेतला. एआयवर बोलणारं आता घरोघरी कुणीतरी आहेच. मी बोलणार आहे कॉम्प्युटरवरच्या एका जुन्या गेमच्या फोल्डरमध्ये पडून असलेल्या छोट्याशा फाइलबद्दल. आमच्या दादाला इथले बरेच शिक्षक ओळखतात, तो आपल्याच शाळेचा, आपल्यापुढे पाच वर्षं. ही गोष्ट अर्धी त्याची आहे, आणि त्याला विचारूनच सांगते आहे.

आपल्या शाळेची कॉम्प्युटरची खोली आठवते ना? चपला बाहेर, पडदे ओढलेले, एका मशीनवर तिघी, आणि 'कशालाही हात लावू नका' ही पहिली सूचना. त्या खोलीत मी शिकले ते एवढंच, की कॉम्प्युटर ही बिघडणारी वस्तू आहे. दादा तेव्हा बसस्टँडसमोरच्या एका कॉम्प्युटर क्लासमध्ये संध्याकाळी शिकवायचा. रविवारी क्लास बंद असे आणि किल्ली त्याच्याकडे असे. तिथल्या चारशेशहाऐंशी मशीनवर कुणीतरी फ्लॉपीवरून 'डूम' टाकला होता. अमेरिकेतल्या टेक्ससमध्ये आयडी सॉफ्टवेअर नावाच्या लहानशा कंपनीने १९९३च्या डिसेंबरमध्ये काढलेला गेम. पहिला भाग फुकट वाटायला मोकळा होता, म्हणून तो जगभर पसरत आपल्या बसस्टँडपर्यंत आला. मंगळाच्या चंद्रावरचा तळ, अंधारे बोळ, राक्षस आणि हातात बंदूक. बाई, आता कपाळाला आठ्या घालून उपयोग नाही, तीस वर्षं होत आली.

माझी अडचण अशी होती की मी डावरी. वर्गात माझ्या शेजारी बसणारीला माझं कोपर किती लागायचं ते तीच सांगेल. डूममध्ये चालायचं ते बाणांच्या बटणांनी, आणि ती कीबोर्डच्या उजव्या टोकाला. गोळी कंट्रोलच्या बटणाने, दार उघडायचं स्पेसबारने. मला चालायला डावा हात हवा होता. गेमबरोबर सेटअपचा एक वेगळा प्रोग्रॅम यायचा, त्यात बटणं बदलता येत, पण क्लासच्या मशीनवर जागा करायला कुणीतरी तो उडवला होता. दादाने फोल्डर उघडून एकेक नाव बघितलं आणि 'डीफॉल्ट डॉट सीएफजी' या फाइलवर थांबला. डॉसच्या एडिटमध्ये ती उघडली. आत साध्या अक्षरांत ओळी होत्या. डावीकडे नाव, उजवीकडे आकडा. 'की_फायर' पुढे २९. 'की_यूज', म्हणजे दार उघडायचं बटण, पुढे ५७. 'की_अप' पुढे ७२.

पण हे आकडे कसले? ज्या बटणाला २९ म्हणायचं त्याच्यावर तर कंट्रोल लिहिलेलं. दादाने वही घेतली आणि कीबोर्डवर बोट ठेवून मोजायला लागला. एस्केप १. मग वरच्या ओळीतला एकाचा आकडा २, दोनाचा ३, असं करत बॅकस्पेस १४. टॅब १५, क्यू १६, डब्ल्यू १७. ओळ संपते तिथे एंटर २८. नंतर कंट्रोल, बरोबर २९! तिथून ए ३०, एस ३१, डी ३२. असंच मोजत खाली गेलं की स्पेसबार ५७ वर येतो. जुन्या कीबोर्डची बटणं या क्रमाने मोजलेली आहेत, प्रत्येक बटण मशीनला आपला क्रमांक कळवतं, आणि गेम तो क्रमांकच फाइलमध्ये लिहून ठेवतो. हे त्याला कुणी शिकवलं नव्हतं. त्याने १७, ३०, ३१, ३२ हे आकडे घातले आणि मी डाव्या हाताने चालायला लागले. त्याआधी मात्र त्याने मूळ फाइलची नक्कल करून तिला 'डीफॉल्ट डॉट ओल्ड' नाव दिलं. "आधी नक्कल, मग अक्कल," म्हणाला. हे वाक्य मी नोकरीत नव्या मुलांना सांगते तेव्हा ती हसतात, आणि महिन्याभरात एक जण तरी नक्कल न करता काहीतरी उडवतो.

आता थोडं मास्तरीण होऊन सांगते, कारण तुमच्यापैकी पुष्कळांची मुलं गेम खेळतात. अशी फाइल आजही बहुतेक गेमना असते, फक्त जागा बदलल्या. जुन्या गेमची ती गेमच्याच फोल्डरमध्ये सापडते. नंतरच्या काही गेमची डॉक्युमेंट्समधल्या 'माय गेम्स' मध्ये. आणि अनेकांची 'ॲपडेटा' नावाच्या फोल्डरमध्ये, जो विंडोज लपवून ठेवतं. लपवलेले फोल्डर दाखव असं सांगितल्याशिवाय दिसत नाही. माझा भाचा 'स्कायरिम' खेळायचा आणि अर्ध्या तासात त्याला मळमळायला लागायचं. वहिनीला वाटायचं, बरंच झालं. त्या गेममध्ये डोळ्यांसमोरचा कोन मुळात ६५ अंशांचा असतो. सोफ्यावरून टीव्ही बघणाऱ्याला तो चालतो, पडद्याच्या जवळ टेबलाशी बसणाऱ्याला नळीतून बघितल्यासारखं होतं. गेमच्या मेनूत हा आकडा बदलायची सोयच नव्हती. 'माय गेम्स' मधल्या 'स्कायरिम डॉट आयएनआय' मध्ये एक ओळ घालून आम्ही तो ९० केला आणि त्याची मळमळ गेली. वहिनी माझ्याशी आठवडाभर तुटक बोलत होती.

एक गंमत खास मराठीच्या बाईंसाठी. २०१३ साली 'एलियन्स : कलोनियल मरीन्स' नावाचा गेम आला. त्यातले परग्रहावरचे प्राणी इतके बावळट वागायचे की गेमची छी थू झाली. काही वर्षांनी एका हौशी माणसाने फाइल उघडून बघितली, तर एका ओळीत 'टेदर' या शब्दाच्या स्पेलिंगमध्ये एक 'ए' जास्तीचा पडला होता. तो खोडल्यावर ते प्राणी बरेच शहाण्यासारखे अंगावर यायला लागले. २०१८ मध्ये ही बातमी सगळीकडे झाली. बाई, शुद्धलेखनाचे तुम्ही कापलेले अर्धे-अर्धे मार्क मी त्या दिवशी माफ केले.

आता दादाची उरलेली अर्धी गोष्ट. तीन वर्षांपूर्वी त्याला पक्षाघाताचा झटका आला. उजवा हात आणि उजवा पाय. जीव वाचला, डॉक्टरांनी आणि घरी येणाऱ्या फिजिओथेरपिस्टने जे करायचं ते केलं, अजून करतात. पण दुरुस्तीचं दुकान बंद पडलं. ज्याच्या बोटांनी आयुष्यभर स्क्रू पिळले तो उजवा हात मांडीवर ठेवून भिंतीकडे बघत बसायचा. व्यायामाला म्हणायचा, "उद्या." मी दर पंधरा दिवसांनी पुण्याहून जायचे. जाऊन काय करायचे, तर चहा प्यायचे आणि इकडचं तिकडचं बोलायचे. एकदा भाचाच म्हणाला, "आत्या, बाबांना एका हाताने जमेल असा कुठला गेम आहे का गं?"

मला डूमच आठवला. डूम नुसत्या माऊसवरही चालतो, हे फारसं कुणाला माहीत नसतं. माऊस पुढे ढकलला की माणूस पुढे चालतो, बाजूला नेला की वळतो. बटणांच्या तीन ओळी त्याच 'डीफॉल्ट डॉट सीएफजी' मध्ये आहेत. 'माऊसबी_फायर' पुढे ०, म्हणजे डावं बटण, गोळी. 'माऊसबी_स्ट्रेफ' पुढे १, उजवं बटण, बाजूला सरकणं. 'माऊसबी_फॉरवर्ड' पुढे २, मधलं, पुढे चालणं. आणि चालायचं बटण दोनदा पटकन दाबलं की समोरचं दार उघडतं.

आजच्या विंडोजवर हा गेम चालवायला 'डॉसबॉक्स' लागतो, आणि डॉसबॉक्सची आणखी एक स्वतःची फाइल, तीही ॲपडेटात लपलेली. तिच्या शेवटी 'ऑटोएक्झेक' असा चौकटी कंसातला मथळा असतो. त्याखाली ज्या आज्ञा लिहाव्यात त्या सुरू होताना आपोआप चालतात. फोल्डर कुठला, गेम कुठला, हे तिथे लिहून टाकलं. म्हणजे दादाला काही टाइप करायला नको, दोन क्लिकमध्ये गेम समोर.

मग मी डाव्या हातासाठी बटणं बदलली, तपासली, आणि काहीच बदललेलं नाही. पुन्हा बदललं, पुन्हा जैसे थे. वीस वर्षं सॉफ्टवेअरमध्ये काढलेली बाई घामाघूम. शेवटी लक्षात आलं, गेम मागे उघडाच होता. डूम बंद होताना आपल्या डोक्यातल्या जुन्या सेटिंग्ज फाइलवर परत लिहून टाकतो. फाइल बदलायची ती गेम पूर्ण बंद करून. हे दादाला सांगितलं तेव्हा तो झटका आल्यापासून पहिल्यांदा मोठ्याने हसला. त्यातच भाच्याने नकलेचं नाव 'डीफॉल्ट डॉट ओल्ड' द्यायला जाऊन 'डीफॉल्ट डॉट ओल्ड डॉट टीएक्सटी' करून ठेवलं. नोटपॅडला ती खोडच आहे, आणि विंडोज शेवटचं शेपूट दाखवत नाही. तेही दादाने पकडलं.

मी गोळीचं बटण त्याच्या तर्जनीखाली दिलं होतं. डाव्या हातात माऊस धरला की तर्जनी उजव्या बटणावर येते आणि तेच बोट सगळ्यांत चपळ. दादाने थोडं खेळून मान हलवली. "ते नको," म्हणाला. बोलणं तेव्हा अडखळतच होतं. "आधी चालता आलं पाहिजे. मारायचं नंतर बघू." मग तर्जनीखाली चालणं, मधल्या बोटाखाली गोळी, चाकावर बाजूला सरकणं. फॉरवर्डपुढे १, फायरपुढे ०, स्ट्रेफपुढे २. माऊसचा वेगही ५ वरून २ वर आणला. भाचा म्हणाला, विंडोजमध्येच बटणांची अदलाबदल केली असती. पण त्याच मशीनवर वहिनी बँकेची कामं करते, आणि स्कायरिमनंतर मला तिच्या वाटेला जायचं नव्हतं.

पहिल्या दिवशी तो पहिल्याच खोलीत भिंतीला धडकत होता. महिन्याभराने पहिली पातळी पार केली. गेमने त्याला बरं केलं असं मी म्हणत नाही, आणि तुम्हीही बाहेर जाऊन म्हणू नका. त्याचं श्रेय रोज तासभर त्याच्याशी झगडणाऱ्या फिजिओथेरपिस्ट मुलीचं आहे. एवढंच की दुपारी भिंतीकडे बघणं थांबलं आणि भाच्याशी भांडण सुरू झालं, कारण मशीन एकच.

गेल्या दिवाळीत गेले तेव्हा दादा झोपला होता. भाचा म्हणाला, बाबा हल्ली वेगळंच काहीतरी खेळतात. मी फोल्डर उघडला. त्यात 'डीफॉल्ट डॉट ओल्ड' होती, शेपूट नसलेली, आठ दिवसांपूर्वीची. भाच्याला विचारलं, तू केलीस? नाही म्हणाला. मग मूळ फाइल उघडली. माऊसच्या ओळी होत्या तशाच होत्या. वरती कीबोर्डच्या दोन ओळींतले आकडे मात्र एकमेकांच्या जागी गेले होते. 'की_यूज' पुढे २९, आणि 'की_फायर' पुढे ५७.

५७ म्हणजे स्पेसबार. कीबोर्डवरचं सगळ्यांत लांब बटण, मूठ ठेवली तरी दाबलं जाणारं. दारं तर तो डाव्या हाताने, डबल क्लिकवर उघडतच होता. गोळीचं काम त्याने उजव्या हाताला दिलं होतं.

मी नोटपॅड काही न बदलता बंद केलं आणि चहा टाकायला वहिनीच्या मदतीला गेले.