आधी बघू, मग बोलू

मंडळी, पूर्वी सिनेमाला वेळेवर गेलं की मुख्य चित्राआधी फिल्म्स डिव्हिजनचा माहितीपट बघावा लागे. धरण, शेती, कुटुंबनियोजन. पडद्यावर काय दिसतंय ते एक भारदस्त आवाज सांगत राही. आपण बघायच्या ऐवजी ऐकतच बसायचो.

त्याच फिल्म्स डिव्हिजनसाठी १९६७ साली एका चित्रकाराने लघुपट केला. चित्रकार मकबूल फिदा हुसेन. जन्म १९१५ चा, आपल्या शेजारच्या पंढरपूरचा. उमेदवारीच्या काळात मुंबईत सिनेमाचे फलक रंगवून त्यांनी पोट भरलं होतं. लघुपटाचं नाव ‘थ्रू द आइज ऑफ अ पेंटर’, म्हणजे चित्रकाराच्या नजरेतून. राजस्थानात चित्रित केलेला, कृष्णधवल, वीस मिनिटांच्या आतला. सुरुवातीला हुसेन चार शब्द बोलतात. पुढे निवेदन नाही, गोष्ट नाही. विजय राघव राव यांचं संगीत आणि दृश्यं. छत्री, कंदील, जोडा, गाय. कॅमेरा पुन्हा पुन्हा त्यांच्याकडे येतो. आधी आपण विचारतो, याचा अर्थ काय? हळूहळू प्रश्न गळून पडतो आणि कंदील दिसायला लागतो. त्याच वर्षी बर्लिनच्या महोत्सवात या चित्राला लघुपटांचं ‘सुवर्ण अस्वल’ मिळालं.

मी शब्दांवर जगणारा माणूस. तरी मला हे बिनशब्दांचं चित्र जवळचं वाटतं. माझं नाव ऐकून लोक म्हणतात, ‘अरे वा, तुमचं मराठी छान आहे हो!’ कविता अजून वाचायचीच असते. माणूस दिसण्याआधी त्याचं निवेदन सुरू झालेलं असतं. हुसेन यांचंही तेच झालं. चित्रांवरून वाद झाले, खटले झाले. २००६ साली त्यांनी देश सोडला, २०११ साली लंडनमध्ये त्यांचं निधन झालं. वादावर सगळे बोलले. चित्रं किती जणांनी निवांत बघितली?

पंढरपूरच्या परिसरातलेच भोपळे आपल्या मिरजेत येतात आणि त्यांचे तंबोरे, सतारी होतात. २०२४ साली या वाद्यांना भौगोलिक मानांकन मिळालं, बातम्या झाल्या. पण जवारी काढणारा कारागीर घोडीवर कानस फिरवतो, तार छेडतो, ऐकतो, पुन्हा घासतो, ते किती जणांनी बघितलंय? तिथे घाई चालत नाही. एक हात जास्त पडला की सूर बिघडला.

आता कॅमेरा प्रत्येकाच्या खिशात आहे. मिरजेला जाल तेव्हा सतारमेकर गल्लीत एखाद्या कारागिराला विचारून अर्धा तास बसा. चित्रण करावंसं वाटलं तर जरूर करा. फक्त मोबाइल हलवू नका आणि वरून आपला आवाज घालू नका. कानस ऐकू येऊ द्या.