बसल्या बसल्या केलेलं काम

(गटाच्या मेळाव्यात ‘घरात होणाऱ्या कामाचं मोल’ या विषयावर केलेलं भाषण, थोडं संक्षिप्त करून.)

आज येताना मी एक वस्तू बरोबर आणली आहे. लहान मुलीचा स्वेटर. समोरून उघडा, पाच बटणांचा, क्रोशानं विणलेला. माझ्या दोन वर्षांच्या नातीसाठी विणला. हातोहात सगळीकडे फिरवा, उलटा करून आतली बाजूही बघा. माझं बोलणं होईपर्यंत तो परत माझ्याकडे येऊ दे, कारण नाशिकच्या थंडीत तो तिला लागणार आहे.

आपल्या शिबिरांमध्ये आपण दिवसाचं घड्याळ भरून घेतो. चोवीस तासांचं वर्तुळ काढायचं आणि कुठला तास कशात गेला ते लिहायचं. स्वयंपाक, पाणी, धुणं, मुलं, शेत, नोकरी. अशाच एका शिबिरात एका बाईनं दुपारी दोन ते चारच्या रकान्यात ‘विश्रांती’ लिहिलं. मी विचारलं, झोपता का? ती म्हणाली, “नाही हो, विणते. बसलेलीच असते ना!” आम्ही सगळ्या हसलो आणि पुढे गेलो. त्या वेळी मला त्यात काही चुकीचं वाटलं नाही. आज मी जे बोलणार आहे, ते त्या हसण्याबद्दल आहे.

आधी स्वेटरबद्दल. ज्यांनी कधी क्रोशाची सुई धरली नाही, त्यांच्यासाठी थोडं सांगते. हा गळ्याकडून खाली विणत आणला आहे. आधी साखळी घालायची, मग त्या साखळीवर खांबांच्या ओळी. दोन पुढचे भाग, दोन बाह्या आणि पाठ असे पाच हिस्से मोजून ठेवायचे आणि त्यांच्या चार सांध्यांवर दर ओळीला टाके वाढवायचे. काखेपर्यंत आलं की बाह्यांचे टाके बाजूला ठेवायचे, पुढचे-मागचे भाग जोडून अंग खाली विणत न्यायचं. मग बाह्या, मग मुक्या खांबांची बटणपट्टी. पट्टीवर टाके कमी पडले तर कड आकसते, जास्त झाले तर तिला लाटा येतात. सुरुवातीला चार इंचांचा नमुना विणून टाके मोजले नाहीत, तर वीस तासांनी कळतं की स्वेटर अंगात बसत नाही. पोर वाढतं, म्हणून बाही दोन बोटं लांब ठेवायची आणि दुमडायची. बटणं पक्की लावायची, कारण ती पहिली तोंडात जातात.

हे सगळं आपल्या आया-मावश्यांना कागद न बघता येत होतं. यात गणित आहे, मापं आहेत, अंदाज आहे. हेच काम पुरुषानं दुकानात बसून केलं की त्याला आपण कारागीर म्हणतो. आईला मात्र ‘हौस आहे हो तिला’ म्हणतो.

या वेळी मी प्रत्येक बैठकीला घड्याळ बघून वहीत नोंद केली. एकूण साडेएकवीस तास झाले. उसवून पुन्हा विणलेलं त्यात धरलं आहे, लोकर आणायला गेलेला वेळ धरलेला नाही. टाके पाच हजारांच्या वर.

ही नोंद करायची बुद्धी मला आपणहून झाली नाही. ती कशी झाली ते सांगते, जरी सांगताना मला संकोच वाटतो.

आमच्या मागच्या चाळीत एक वहिनी राहतात. क्रोशात त्यांचा हात माझ्यापेक्षा कितीतरी चांगला. दोन वर्षांपूर्वी भाच्याच्या बाळासाठी मी त्यांच्याकडून असाच एक स्वेटर विणून घेतला. लोकर मी आणून दिली. किती द्यायचे विचारलं तर म्हणाल्या, “तुमच्याकडून काय घ्यायचं, ताई!” मी त्यांना घरी बोलावून हळदीकुंकू लावलं, ब्लाऊजपीस दिला, चहा दिला आणि समाधानानं निरोप दिला. समान कामाला समान वेतन या विषयावर मी किती सभांमध्ये बोलले असेन! पण या बाईचे सोळा तास मी एका ब्लाऊजपीसवर घेतले. आणि त्याला नाव दिलं, आपुलकी.

पुढच्या हिवाळ्याआधी त्याच वहिनी माझ्याकडे हिशेब मांडून घ्यायला आल्या. त्या एका दुकानासाठी स्वेटर विणत. लोकर दुकानाची, मजुरी नगावर, एका स्वेटरला १८० रुपये. एक नग ‘गळा वाकडा’ म्हणून परत आला आणि लोकरीचे पैसे मजुरीतून कापले गेले. आम्ही दोघींनी वही उघडली. एका स्वेटरला सोळा तास. म्हणजे तासाला सव्वाअकरा रुपये. दुकानात त्याची किंमत ८५० रुपये. लोकर-बटणांचे दोनशे धरले, तरी विणणारीच्या वाट्याला आलं ते उरलेल्याच्या तिसऱ्या हिश्श्याहूनही कमी. शिवाय दिवा तिचा, खोली तिची, आणि दुखणारी मान व मनगटही तिचंच.

वहिनी बराच वेळ आकड्यांकडे बघत राहिल्या. मग म्हणाल्या, “मी तर समजत होते, बसल्या बसल्या चार पैसे मिळतात.”

मैत्रिणींनो, ‘बसल्या बसल्या’ या दोन शब्दांवर एक सबंध धंदा उभा राहू शकतो. आंध्र प्रदेशातल्या गोदावरीच्या मुखाजवळ नरसापूर नावाचं गाव आहे. तिथं एकोणिसाव्या शतकात मिशनऱ्यांनी बायकांना क्रोशाची लेस शिकवली आणि ती परदेशी जाऊ लागली. मारिया मीस या जर्मन अभ्यासक तिथल्या बायकांमध्ये राहिल्या, आणि १९८२ साली नरसापूरच्या लेस विणणाऱ्यांवर त्यांचं पुस्तक आलं. घरकाम सांभाळून या बायका रोज सहा-सहा, आठ-आठ तास विणत होत्या, आणि दिवसाची कमाई रुपयाच्याही आत होती. एक फुलं विणे, दुसरी ती जोडे. सूत आणि नमुना मध्यस्थाकडून येई, निर्यातदार कोण ते बहुतेकींना ठाऊकही नसे. घराबाहेर कामाला जाणं कमीपणाचं मानणाऱ्या जातींमधल्या बायकाही यात होत्या. बाहेर पडत नाहीत, म्हणून त्या कामगार नाहीत. गृहिणी आहेत, रिकाम्या वेळात विणतात. मीसबाईंनी याला गृहिणीकरण म्हटलं. म्हणजे बाईला आधी गृहिणी ठरवायचं आणि मग त्या नावाखाली तिचं श्रम स्वस्तात उचलायचं. २०२४ साली नरसापूरच्या क्रोशा-लेसला भौगोलिक मानांकन मिळालं. वस्तूला नाव मिळालं याचा आनंद आहे. विणणारीच्या हातात त्यातलं किती पडतं, हा प्रश्न त्यानं सुटत नाही.

आणखी एक गोष्ट लक्षात घ्या. दोन सुयांवरचं विणकाम यंत्रावर होतं, आपण अंगात घालतो ते बहुतेक स्वेटर यंत्राचेच असतात. पण खरा क्रोशा यंत्रावर होत नाही. त्यात एक टाका पुरा झाल्यावरच दुसरा सुरू होतो, आणि सुई मागच्या विणीत हवी तिथं खुपसावी लागते. यंत्रावर निघतं ते क्रोशासारखं दिसणारं वेगळं कापड. म्हणून बाजारात कुठंही खऱ्या क्रोशाचा झबलं-टोपड्याचा संच अगदी स्वस्त दिसला, तर समजा, कुणाच्या तरी हातांनी तो टाका टाका करून विणला आहे आणि स्वस्ताई त्या हातांतून काढली आहे.

कायद्यानं काही होत नाही असं मात्र म्हणू नका. विडी वळणाऱ्या बायकाही घरीच बसून काम करतात. पण १९६६ च्या विडी-सिगार कामगार कायद्यानं त्यांना कामगार मानलं, म्हणून ओळखपत्र, भविष्यनिर्वाह निधी यांसाठी त्यांना भांडता आलं. १९७२ साली इला भट्टांनी अहमदाबादला ‘सेवा’ उभी केली, तेव्हापासून घरी काम करणारीला कामगार म्हणा ही मागणी आहे. १९९६ साली आंतरराष्ट्रीय श्रम संघटनेनं घरी बसून काम करणाऱ्यांसाठी १७७ क्रमांकाचा करार संमत केला. भारतानं तो अजून स्वीकारलेला नाही. आपल्या २०२० च्या सामाजिक सुरक्षा संहितेत घरी काम करणाऱ्या कामगाराची व्याख्या आहे. व्याख्येतून पैसे मिळत नाहीत, पण ‘मी कामगार आहे’ हे म्हणायला आधार मिळतो.

आमच्या चाळीत काय झालं ते सांगून थांबते. वहिनींसह पाचजणी एकत्र दुकानात गेल्या. एकटी गेली असती तर ‘दुसऱ्या तयार आहेत’ हे उत्तर ठरलेलं होतं. पाचही ‘दुसऱ्या’ समोरच उभ्या असल्यामुळे ते देता आलं नाही. दर २५० झाला, आणि नापसंत नगाची लोकर कापायची नाही असं ठरलं. एकीच्या नवऱ्यानं ‘भांडायला जातेस’ म्हणून तिचं काम बंद केलं. हे यश मोठं नाही. तासाला अजून सोळा रुपयेसुद्धा पडत नाहीत. पण आता चौघींच्याही घरी वही आहे.

मी वहिनींना त्या जुन्या स्वेटरची मजुरी द्यायला गेले. त्यांनी आधी घेतली नाही. मी म्हटलं, “वहिनी, आपुलकी वेगळी आणि मजुरी वेगळी. आपुलकीचा चहा मी तुमच्याकडे पिऊन जाईन.” मग घेतली.

नातीसाठी विणलेल्या माझ्या साडेएकवीस तासांचे मला पैसे नकोत. ते मी प्रेमानं दिले. पण प्रेमानं दिलेलं असलं तरी ते काम होतं, आणि ते मोजलं म्हणून प्रेम कमी झालं नाही. मोजायचं ते यासाठी की जी पोटासाठी विणते, तिच्या कामाला कुणी फुकटची हौस म्हणू नये. आपणही नाही.

पुढच्या शिबिरात घड्याळ भरताना ‘विश्रांती’ लिहिलेल्या प्रत्येक रकान्यापाशी थांबू या आणि विचारू या, तेव्हा तुमचे हात काय करत होते?

स्वेटर कुणाकडे आहे? इकडे द्या.